जुनं व्हीबी-६ सॉफ्टवेअर नव्या विंडोजवर चालवायचं तर: डीएलएल आणि ओसीएक्स फायली कशा शोधाव्यात, ठेवाव्यात, नोंदवाव्यात

पतसंस्था, सराफी पेढ्या, शाळांची कार्यालयं, दवाखाने, खत-बियाण्यांची दुकानं. अशा कितीतरी ठिकाणी व्हिज्युअल बेसिक ६ (थोडक्यात व्हीबी-६) या प्रोग्रॅमिंग भाषेत कधीकाळी कुणीतरी लिहून दिलेला प्रोग्रॅम आजही रोजच्या कामाला आहे. हिशोब बरोबर येतो, कर्मचाऱ्यांच्या हाताला तो बसलेला असतो, आणि वर्षानुवर्षांचा डेटा त्यातच साठलेला असतो. मग एके दिवशी जुना पीसी बंद पडतो. कुणीतरी सगळा फोल्डर पेन ड्राइव्हवरून नव्या मशीनवर आणतं, आयकॉनवर डबल-क्लिक करतं, आणि समोर येतं: रन-टाइम एरर ३३९, एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स हा घटक किंवा तो ज्यांच्यावर अवलंबून आहे त्यांपैकी एखादी फाइल नीट नोंदलेली नाही.

इथे बहुतेक जण फाइलचं नाव सर्चमध्ये टाकतात, 'मोफत डीएलएल' देणाऱ्या पहिल्या साइटवरून ती उतरवतात आणि सिस्टिम३२ मध्ये टाकतात. कधी प्रोग्रॅम चालतो, बऱ्याचदा चालत नाही, आणि मशीनमध्ये कुठली फाइल शिरली हे कुणालाच कळत नाही. हे काम नीट, क्रमाने करता येतं आणि त्याला प्रोग्रॅमर असावं लागत नाही. फायलींची आणि आज्ञांची नावं इथे देवनागरीत दिली आहेत. टाइप करताना ती रोमन अक्षरांत टाकायची.

या फायली आहेत तरी काय

व्हीबी-६ मध्ये तयार केलेली ईएक्सई, म्हणजे डबल-क्लिक केली की प्रोग्रॅम सुरू करणारी फाइल, स्वतः लहान असते. खिडकी उघडणं, बेरीज-वजाबाकी, तारखा, मजकूर अशी सगळी मूळ कामं एमएसव्हीबीव्हीएम६०.डीएलएल या फाइलमध्ये असतात आणि व्हीबी-६ चे सगळे प्रोग्रॅम तीच एक फाइल वाटून वापरतात; अशा वाटून वापरायच्या फाइलला डीएलएल म्हणतात. फ्लॉपीत १.४४ एमबी मावायचे आणि ही एक फाइलच ती जवळजवळ भरून टाकेल एवढी होती. प्रत्येक प्रोग्रॅमने स्वतःची प्रत बाळगणं त्या काळात परवडणारं नव्हतं.

दुसरा गट ओसीएक्स फायलींचा. पडद्यावरची तयार साधनं त्यांच्यात असतात. टूलबार, लिस्ट व्ह्यू, ट्री व्ह्यू एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स मध्ये, तारीख निवडायचं कॅलेंडर एमएसकॉमसीटी२.ओसीएक्स मध्ये, फाइल उघडायची चौकट कॉमडीएलजी३२.ओसीएक्स मध्ये, हिशोबाचा तक्ता एमएसएफएलएक्सजीआरडी.ओसीएक्स मध्ये, टॅब टॅबसीटीएल३२.ओसीएक्स मध्ये, वजनकाट्याशी किंवा मोडेमशी बोलणारं साधन एमएसकॉमएम३२.ओसीएक्स मध्ये.

या दोन गटांतला फरक पक्का लक्षात ठेवा, कारण निम्मा गोंधळ तिथेच होतो. एमएसव्हीबीव्हीएम६०.डीएलएल विंडोजबरोबरच येते, विंडोज १० आणि ११ मध्येही आहे. व्हीबी-६ च्या विकसन-साधनाचा आधार मायक्रोसॉफ्टने ८ एप्रिल २००८ रोजी थांबवला, पण ही मूळ फाइल विंडोजसोबत देणं चालू ठेवलं. ओसीएक्स फायली मात्र विंडोजमध्ये नसतात. त्या प्रोग्रॅमच्या सेटअपने आणायच्या असतात. फोल्डर नुसता कॉपी केला की अडतं ते यामुळेच. एकाच ऑफिसातल्या दोन सारख्या पीसींपैकी एकावर प्रोग्रॅम चालतो आणि दुसऱ्यावर नाही, यामागेही पुष्कळदा हेच असतं: ३२ बिट ऑफिसच्या कित्येक आवृत्त्या एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स सोबत आणतात, आणि पहिल्या पीसीवर तसं ऑफिस टाकलेलं असतं.

पायरी १: प्रोग्रॅम कुठल्या पिढीचा आहे ते ठरवा

एररमध्ये आलेल्या फाइलच्या नावावरूनच पिढी कळते. व्हीबीरन३००.डीएलएल म्हणजे १९९३ चं १६ बिट व्हीबी-३. व्हीबी४००१६ आणि व्हीबी४००३२ म्हणजे १९९५ चं व्हीबी-४, अनुक्रमे १६ आणि ३२ बिट. एमएसव्हीबीव्हीएम५० म्हणजे १९९७ चं व्हीबी-५, आणि ६० म्हणजे १९९८ चं व्हीबी-६.

१६ बिट असेल तर इथेच थांबा, कारण मार्ग वेगळा आहे. ६४ बिट विंडोजमध्ये १६ बिट प्रोग्रॅम चालवणारी यंत्रणाच नाही, मग कितीही डीएलएल आणून टाकल्या तरी उपयोग शून्य. विंडोज ११ तर ३२ बिटमध्ये मिळतच नाही. अशा प्रोग्रॅमसाठी व्हर्च्युअल मशीनमध्ये, म्हणजे पीसीच्या आत सॉफ्टवेअरने चालणाऱ्या दुसऱ्या पीसीत, जुनं ३२ बिट विंडोज टाकणं हा सरळ उपाय, आणि त्या मशीनला इंटरनेट देऊ नका. ओटीव्हीडीएम नावाचा मुक्त-स्रोत प्रकल्प ६४ बिट विंडोजवर बरेच १६ बिट प्रोग्रॅम चालवतो; आधी डेटाची प्रत काढून त्यावर करून पाहायला हरकत नाही.

व्हिज्युअल सी++ मध्ये लिहिलेल्या प्रोग्रॅमचंही नावावरून कळतं. एमएफसी४२.डीएलएल ही व्हीसी-६ च्या काळातली, तीही विंडोजमध्येच असते. एमएसव्हीसीआर७१ म्हणजे २००३, ८० म्हणजे २००५, ९० म्हणजे २००८, १०० म्हणजे २०१०, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३. व्हीसीरनटाइम१४० असेल तर २०१५ आणि त्यानंतरचं. २००५ पासून पुढच्यांसाठी सुटी फाइल शोधूच नका; मायक्रोसॉफ्टच्या साइटवरचं त्या त्या वर्षाचं रिडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज (लागणाऱ्या सगळ्या फायली एकदम बसवणारा संच), त्याची एक्स८६ म्हणजे ३२ बिट आवृत्ती, टाका. मशीन ६४ बिट असलं तरी ३२ बिट प्रोग्रॅमला एक्स८६ च लागतं. 'साइड-बाय-साइड कॉन्फिगरेशन' चुकीचं आहे अशी तक्रार आली तर ती बहुधा २००५ किंवा २००८ च्या पॅकेजची असते. या दोन वर्षांच्या फायली विंडोज विनएसएक्सएस नावाच्या वेगळ्या फोल्डरमध्ये आवृत्तीनुसार ठेवतं, त्यामुळे नुसती डीएलएल शेजारी ठेवून भागत नाही. ७१ चा प्रकार उलट: ती प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्येच ठेवायची फाइल आहे, आणि मूळ इन्स्टॉलरमधूनच घ्यावी.

पायरी २: जुना सेटअप शोधा, पण चालवू नका

प्रोग्रॅम लिहून देणाऱ्याने दिलेली सीडी कपाटात असेल तर ती सोन्याच्या मोलाची. व्हीबी-६ च्या पॅकेज अँड डिप्लॉयमेंट विझार्डने बनवलेल्या सेटअपमध्ये तीन गोष्टी असतात: सेटअप.ईएक्सई, एक किंवा अनेक कॅब फायली (अनेक फायली दाबून बांधलेले गठ्ठे), आणि सेटअप.एलएसटी. ही शेवटची फाइल साधा मजकूर आहे. नोटपॅडमध्ये उघडा.

आत चौकोनी कंसातली शीर्षकं दिसतील. 'बूटस्ट्रॅप फाइल्स' या शीर्षकाखाली सेटअप चालायलाच लागणाऱ्या फायली असतात, आणि 'सेटअप१ फाइल्स' खाली तुमच्या प्रोग्रॅमच्या. प्रत्येक ओळ 'फाइल१ =' अशी सुरू होते; पुढे @ चिन्हानंतर फाइलचं नाव, मग ती कुठल्या फोल्डरमध्ये जायची ते, मग नोंदणी करायची की नाही ते, मग तारीख, आकार आणि शेवटी आवृत्ती. 'डीएलएलसेल्फरजिस्टर' असे शब्द ज्या ओळीत आहेत ती फाइल रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या नोंदवहीत, नोंदवावी लागते. ज्या ओळीत ती जागा रिकामी आहे ती नुसती ठेवली की झालं. प्रोग्रॅमला काय काय लागतं याची ही पूर्ण यादी त्याच्या कर्त्यानेच करून ठेवलेली असते. ती छापून घ्या आणि एकेका फाइलपुढे खूण करत जा.

सेटअप.ईएक्सई मात्र नव्या विंडोजवर चालवू नका. बूटस्ट्रॅप यादीत ओएलईएयूटी३२, ओएलईप्रो३२, एएसवायसीफिल्ट, कॉमकॅट अशा विंडोजच्या स्वतःच्या फायलींच्या जुन्या प्रती असतात. सेटअप म्हणतं की सिस्टिमच्या फायली जुन्या आहेत, रीस्टार्ट करा. रीस्टार्ट केलं की पुन्हा तेच. विंडोज आपल्या फायली बदलू देत नाही आणि सेटअपला ते समजत नाही. त्याऐवजी कॅब फाइलवर डबल-क्लिक करा, विंडोज ती फोल्डरसारखी उघडून दाखवतं. यादीतल्या ओसीएक्स, प्रोग्रॅमच्या स्वतःच्या डीएलएल आणि ईएक्सई एका कामाच्या फोल्डरमध्ये काढून घ्या. वर सांगितलेल्या चार फायलींना आणि एमएसव्हीबीव्हीएम६० ला हात लावू नका. विंडोजमधल्या प्रती नव्या आहेत आणि त्याच वापरायच्या.

सीडी नसेल आणि जुनी हार्ड डिस्क अजून वाचता येत असेल, तर तिच्या विंडोज फोल्डरमधल्या सिस्टिम३२ मधून ओसीएक्स उचला. जुनं विंडोज ६४ बिट असेल तर सिसवॉव६४ मधून (का ते चौथ्या पायरीत). तेही नसेल तर मायक्रोसॉफ्टने व्हीबी-६ साठी दिलेले सर्व्हिस पॅक ६ आणि त्यानंतरचे अपडेट, एवढाच भरवशाचा स्रोत. फाइल मिळाल्यावर प्रॉपर्टीजमध्ये डिजिटल सिग्नेचरचा टॅब पाहा. मायक्रोसॉफ्टची सही असेल आणि ती वैध दाखवत असेल तर फाइल अस्सल.

अनोळखी साइटवरून ओसीएक्स घेऊ नका, हे मी इतकं जोर देऊन सांगतो त्याला कारण आहे. एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स मध्येच एक गंभीर सुरक्षा-दोष निघाला होता; दोषांच्या जाहीर यादीतला त्याचा क्रमांक सीव्हीई-२०१२-०१५८. एप्रिल २०१२ मध्ये मायक्रोसॉफ्टने त्याची दुरुस्ती दिली, पण त्यानंतरही अनेक वर्षं ईमेलमधून पाठवलेल्या आरटीएफ आणि वर्ड फायलींद्वारे त्याच दोषाचा वापर करून हल्ले होत राहिले. दुरुस्तीपूर्वीची प्रत आणून नोंदवली की बंद केलेलं दार तुम्ही स्वतः उघडता, आणि तेही पैशांचे व्यवहार होतात त्या पीसीवर. सीडीतून काढलेली प्रतही जुनीच असणार, म्हणून तिच्यावर मायक्रोसॉफ्टचं अपडेट चढवा.

पायरी ३: नक्की काय कमी आहे ते पाहा

डिपेन्डन्सी वॉकर हे साधन अनेकांना माहीत असतं. ईएक्सई त्यात टाकली की ती कुठल्या डीएलएलवर अवलंबून आहे ते झाडासारखं दिसतं. व्हीबी-६ च्या बाबतीत मात्र ते फसवं आहे. व्हीबी-६ ची ईएक्सई उघडलीत तर खाली बहुधा एमएसव्हीबीव्हीएम६० ही एकच फाइल दिसेल, आणि सगळं ठीक आहे असं वाटेल. ओसीएक्स या झाडात येतच नाहीत, कारण त्या प्रोग्रॅम चालू झाल्यावर, ज्या फॉर्मवर (प्रोग्रॅमच्या पडद्यावर) ते साधन आहे तो उघडताना, रजिस्ट्रीतून पत्ता शोधून आणल्या जातात. शिवाय हे साधन फार जुनं आहे. विंडोज १० वर ते 'एपीआय-एमएस-विन' ने सुरू होणाऱ्या ढीगभर फायली गायब दाखवतं, ज्या खरं तर गायब नसतात. त्याचाच नवा मुक्त-स्रोत अवतार 'डिपेन्डन्सीज' नावाने मिळतो. तो ईएक्सईवर नव्हे, थेट ओसीएक्स फाइलवर चालवा: एररमध्ये ज्या ओसीएक्सचं नाव आलंय ती जागेवर असते, पण तिला लागणारी दुसरीच डीएलएल नसते, हे असं सापडतं.

बाकी सगळ्यासाठी मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातला प्रोसेस मॉनिटर. फिल्टरमध्ये प्रोसेसचं नाव म्हणून तुमची ईएक्सई द्या, रेकॉर्डिंग चालू करा, प्रोग्रॅम उघडा, एरर आली की रेकॉर्डिंग थांबवा आणि शेवटून वर वाचत या. 'नेम नॉट फाउंड' अशा शेकडो ओळी दिसतील, त्यांनी घाबरू नका. विंडोज एकेका फोल्डरमध्ये फाइल शोधत जातं आणि जिथे नसेल तिथे ही ओळ उमटते. पुढे कुठेतरी 'सक्सेस' आला असेल तर प्रश्न मिटला. तुम्हाला हवी ती अशी फाइल, जिला कुठेच यश मिळालेलं नाही.

ओसीएक्ससाठी रजिस्ट्रीच्या ओळी पाहा. 'सीएलएसआयडी' आणि त्यापुढे महिरपी कंसातला लांबलचक क्रमांक, अशी ओळच सापडलेली नसेल तर ओसीएक्सची नोंदणी झालेली नाही. ती सापडली, तिच्याखालची 'इनप्रॉकसर्व्हर३२' वाचली गेली, आणि त्यानंतर एखाद्या फाइलच्या पूर्ण पत्त्यावर 'नॉट फाउंड' आलं, तर नोंदणी आहे पण पत्ता जुना आहे. पहिल्या दुखण्याला नोंदणी करायची, दुसऱ्याला फाइल त्या पत्त्यावर नेऊन ठेवायची किंवा नव्या जागेवरून पुन्हा नोंदवायची.

पायरी ४: जागा निवडा

६४ बिट विंडोजमध्ये नावं उलटी वाटतात: सिस्टिम३२ मध्ये ६४ बिट फायली, आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिट. तुमचा प्रोग्रॅम ३२ बिट, म्हणून सिस्टिम३२ मध्ये टाकलेली ओसीएक्स त्याला दिसतच नाही. तो सिस्टिम३२ मागतो तेव्हा विंडोज त्याला गुपचूप सिसवॉव६४ कडे वळवतं.

साध्या डीएलएल, ज्यांना नोंदणी लागत नाही, त्या ईएक्सईच्या शेजारी ठेवा. विंडोज शोध तिथूनच सुरू करतं, आणि दुसऱ्या प्रोग्रॅमला त्याचा त्रास होत नाही.

ओसीएक्सचं जरा वेगळं. नोंदणीत फाइलचा पूर्ण पत्ता लिहिला जातो आणि तो सगळ्या मशीनसाठी एकच असतो. दोन प्रोग्रॅमनी आपापल्या फोल्डरमधली एमएसकॉमसीटीएल नोंदवली तर शेवटी नोंदवलेली जिंकते आणि दोघंही तीच वापरतात. पुढे तो फोल्डर कुणी पुसला की दुसरा प्रोग्रॅमही बसतो. म्हणून मायक्रोसॉफ्टच्या सामाईक ओसीएक्स सिसवॉव६४ मध्ये ठेवून तिथूनच नोंदवाव्यात, आणि केवळ तुमच्या प्रोग्रॅमच्या अशा ओसीएक्स त्याच्या फोल्डरमध्ये. एखादा जुना प्रोग्रॅम काढताना 'ही सामाईक फाइल आता कुणी वापरत नाही, काढू का' असं विचारलं गेलं तर 'नाही' म्हणा. विंडोज हे रजिस्ट्रीतल्या शेअर्डडीएलएलएस या नोंदीतल्या आकड्यावरून ठरवतं, आणि हाताने कॉपी केलेल्या फायली त्या मोजणीत नसतात.

प्रोग्रॅमचा फोल्डर 'प्रोग्रॅम फाइल्स' मध्ये ठेवू नका, सी ड्राइव्हवर स्वतंत्र ठेवा. जुने प्रोग्रॅम डेटाबेस स्वतःच्याच फोल्डरमध्ये लिहितात, आणि प्रोग्रॅम फाइल्समध्ये साध्या वापरकर्त्याचं लिखाण विंडोज व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या आडबाजूच्या फोल्डरकडे वळवतं. मग दोन लॉगिनना दोन वेगळ्या शिलका दिसतात.

पायरी ५: नोंदणी

स्टार्टमध्ये सीएमडी टाइप करा, कमांड प्रॉम्प्टवर राइट-क्लिक, 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर'. सीडी (चेंज डिरेक्टरी) या आज्ञेने विंडोजमधल्या सिसवॉव६४ फोल्डरमध्ये जा. मग रेगएसव्हीआर३२, एक मोकळी जागा, आणि ओसीएक्सचा पूर्ण पत्ता. पत्त्यात मोकळी जागा असेल तर तो दुहेरी अवतरणचिन्हांत. पेन ड्राइव्हवरून किंवा नेटवर्कवरून कधीच नोंदवू नका, कारण तोच पत्ता कायमचा लिहिला जाईल. फाइल पुढे हलवायची असेल तर आधी त्याच आज्ञेत स्लॅश-यू घालून नोंद काढा.

'सक्सीडेड' आलं तर उत्तम. ०एक्स८०००४००५ किंवा ०एक्स८००७०००५ आला तर खिडकी बहुधा ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडलेली नाही. 'मॉड्यूल लोड झालं नाही' म्हटलं तर पत्ता चुकलाय किंवा त्या ओसीएक्सलाच लागणारी एखादी डीएलएल नाही. तिसऱ्या पायरीवर परत जा. 'डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडला नाही' म्हणजे फाइल खराब आहे असं नाही. ती साधी डीएलएल आहे, तिला नोंदणी लागतच नाही.

डेटाबेसच्या फायली हा वेगळा कप्पा. एमडीबी (ॲक्सेस) डेटाबेस वाचणारं जेट ४ आणि त्याच्याशी प्रोग्रॅमला जोडणारी डीएओ३६० विंडोजमध्ये ३२ बिट रूपात अजून आहेत. पण जुने प्रोग्रॅम अनेकदा डीएओ३५० मागतात, आणि ती विंडोजमध्ये नाही. एरर ४२९ आली, म्हणजे 'ऑब्जेक्ट तयार करता येत नाही', तर आधी हाच संशय घ्या. ती सेटअपच्या कॅबमध्ये असते, सोबत एमएसजेट३५ आणि तिच्या साथीदार फायलीही. त्या सगळ्या एकत्रच आणाव्या लागतात.

मराठी मजकूर असेल तर

व्हीबी-६ चे फॉर्म युनिकोड, म्हणजे आज सगळ्या भाषांसाठी वापरली जाणारी अक्षर-पद्धत, दाखवत नाहीत. म्हणून त्या काळच्या मराठी प्रोग्रॅमनी श्रीलिपी किंवा सी-डॅकचे डीव्हीबी-टीटी सुरेख यांसारखे फॉन्ट वापरले, ज्यांत रोमन अक्षरांच्या जागी देवनागरीचे तुकडे बसवलेले असतात. डेटाबेसमध्ये प्रत्यक्षात साठलेलं असतं ते रोमन अक्षरं आणि चिन्हांचं कडबोळं. तेव्हा ओसीएक्सबरोबर जुन्या मशीनमधले नेमके तेच फॉन्ट आणा. दुसऱ्या संचातला सारखा दिसणारा फॉन्ट चालत नाही, कारण तुकड्यांच्या जागा वेगळ्या असतात. विंडोजच्या रीजन सेटिंगमध्ये जगभरच्या भाषांसाठी यूटीएफ-८ (युनिकोडचा एक प्रकार) वापरण्याची 'बीटा' अशी खूण आहे, ती बंद असू द्या. ती चालू केली की १२७ च्या पुढचे वर्ण बदलतात आणि खातेदारांची नावं मोडकी दिसायला लागतात. त्या अवस्थेत कुणी 'सेव्ह' दाबलं तर डेटाच बिघडू शकतो, म्हणून ही सेटिंग पाहून मगच प्रोग्रॅम उघडा.

पायरी ६: तपासणी आणि संच

मुख्य खिडकी उघडली म्हणजे काम झालं असं नव्हे. ओसीएक्स त्या त्या फॉर्मबरोबर लोड होत असल्याने वर्षातून एकदा लागणारा ताळेबंदाचा पडदा मार्चअखेरीलाच एरर देईल. मेनूतला एकेक पर्याय उघडा, एक पावती छापा, एक अहवाल छापा, बॅकअप घेऊन बघा. मग मशीन रीस्टार्ट करा आणि साध्या वापरकर्त्याच्या लॉगिनने हेच पुन्हा करा.

सगळं चाललं की एक फोल्डर बनवा: प्रोग्रॅम, सगळ्या ओसीएक्स आणि डीएलएल, फॉन्ट, रिडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजेस, जुनी सेटअप.एलएसटी. नोंदणीच्या सगळ्या आज्ञा एका बॅट फाइलमध्ये (आत लिहिलेल्या आज्ञा ओळीने चालवणारी मजकूर फाइल) लिहून ठेवा, म्हणजे पुढच्या मशीनवर ती एक फाइल ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवली की झालं. शेजारी एक साधी मजकूर फाइल, प्रत्येक फाइलचं नाव, आवृत्ती, कुठून आणली, कुठे ठेवली आणि नोंदवली की नाही हे लिहिलेली. एक प्रत पेन ड्राइव्हवर, एक ऑफिसबाहेर, आणि फोल्डर कुठे आहे ते ऑफिसातल्या किमान दोन जणांना सांगून ठेवा.